सतराचा पाढा

रोझारियोने कबूल केली होती सोन्याची साखळी.
जेनोव्हाहून आणलं हे :
लांब दांड्यांचा चिमटा, टोकाला दोन गोल तवे,
वहीसारखे मिटणारे,
आत फुलीफुलीची जाळी
आणि मधोमध कुणाची तरी दोन अक्षरं, ए आणि डी.
"जुन्या बाजारात म्हातारी विकत होती," तो म्हणाला,
"तिच्या मुलीला नको होतं."

युफेमिया काहीच बोलली नाही.
अकरा वर्षं ते लोखंड
तिच्या चेपणीच्या तोरांवर बसलं,
दगडाच्या जागी.

या श्रावणात बोटीने त्याला कायमचा घरी पाठवला,
गुडघे संपले म्हणून.
आसोळण्यात साळ नदी तुडुंब, बाजारात मासळी नाही,
आणि हा खिडकीत बसून सांगतो आहे मापं :
सहा अंडी, त्यांच्याइतकी साखर, वितळलेलं लोणी,
मैदा मनगट सांगेल तेवढा.
बडीशेप कुटायची, पूड नको.
तिकडे घालतात ती दारू इथे कुठली?
मग चमचाभर काजूची फेणी.

तिने गंज सोडणाने घासून काढला,
चिंचेने, परत सोडणाने.
पहिली चिकटली. दुसरी अर्धी निघाली, अर्धी राहिली.
"गॅलीतला तो म्हातारा घड्याळ बघत नसे," रोझारियो म्हणाला,
"एका बाजूला एक प्रार्थना, उलटायचं,
दुसऱ्या बाजूला दुसरी."

युफेमिया 'नमान मोरये' पुटपुटू लागली,
पण मध्येच तिला कोळणीची उधारी आठवली,
आणि तिसरी काळी.

मग दांडा माझ्या हातात आला.
मला त्यांच्या प्रार्थना येत नाहीत,
माझ्या म्हणायला गेले तर त्या फार लांब.
मला येतो सतराचा पाढा,
मास्तरांनी छडीने बसवलेला.
सतरा एके सतरा, सतरा दुणे चौतीस,
जाळीतून वाफ,
सतरा पंचे पंच्याऐंशी, उलट,
बडीशेपेचा वास पार पडवीपर्यंत,
सतरा दाहे एकशे सत्तर, उघड.

पिवळी. कडेला जरा तांबूस.
उचलली तेव्हा मऊ होती, फुंकर घालेतो कडक झाली.
मधोमध ए आणि डी, उलटे नाहीत, सरळ.

"कोण असेल गं ही?"
रोझारियोला माहीत नव्हतं.
तो बोटाने अक्षरं चाचपत राहिला,
मग डी मोडून तोंडात टाकला
आणि बराच वेळ चावलाच नाही.

मी श्रावण पाळते,
म्हणून एकच खाल्ली,
कुंपणाच्या त्यांच्या बाजूला उभी राहून.

संध्याकाळी युफेमियाने पोराला नदीवर पिटाळलं,
तोरांवर ठेवायला चांगला चपटा दगड आण म्हणून.
साखळीचा विषय मात्र
अजून मिटलेला नाही.