फ्रीज लागला

जिंतूरच्या स्टँडसमोर माझं झेरॉक्सचं दुकान.
काळं-पांढरं दोन रुपये, रंगीत दहा.
तीनच्या सुमाराला महानंदामावशी आली,
गळ्यात टेप तशीच, बोटात अंगुस्तान.
म्हणाली, भुजंग, रंगीतच काढ,
पैशाकडं बघू नको.

मोबाइलात सर्टिफिकेट होतं.
सोनेरी किनार, खाली सही, सहीखाली शिक्का,
शिक्क्याखाली आणखी एक शिक्का.
‘अभिनंदन! तुम्ही एक भाग्यवान विजेता आहे.’
दोनशे चाळीस लिटर, रंग चेरी.
आणि तळाला, मुंगीएवढ्या अक्षरात,
पोहोच खर्च एकवीसशे पन्नास,
आज चारच्या आत.

मी प्रिंटर चालू केला.
तापायला वेळ घेतो तो. बरं असतं ते.

दोन वर्षांमागं मलाही मोबाइल लागला होता.
अडतीसशे भरले तेव्हा खोकं आलं,
आत कपड्याच्या साबणाच्या दोन वड्या.
बायकोला सांगितलं, साबण स्वस्तात मिळाला.
त्याचा फेस अजून डोळ्यात जातो.

म्हणून नुसतं विचारलं,
मावशी, तू चिठ्ठी कुठं टाकली होती?
कशाची?
सोडतीची. चिठ्ठी टाकल्याबिगर नंबर लागतो का कुठं?
चाक फिरवलं की मी, ती म्हणाली. रंगीत चाक होतं.
दोनदा हुकलं, तिसऱ्यांदा फ्रीज.
मग वीस जणांला पाठवलं. तेवढी अट होती.

त्या वीस जणांत मी होतो.
परभणी गाडीचा कंडक्टर आधारकार्ड घेऊन
मागं उभा होता, तो खाकरला.
मलाबी लागलाय, म्हणाला.
दोनदा हुकलं, तिसऱ्यांदा फ्रीज.
समोरच्या रसवंतीवर ओरडून विचारलं, त्यालाही.
पार्सलवाल्या मुनीरला तर दोन,
दुसरा बायकोच्या नंबरावर.
अर्ध्या तासात आमच्या स्टँडवर नऊ फ्रीज निघाले
आणि लाइट सकाळपासून गेलेली,
माझा प्रिंटरसुद्धा इन्व्हर्टरवर.

सगळे हसले. मावशीही हसली,
जरा उशिरा.

मग हळूच म्हणाली, अन् ते पोरगं रे?
कोणतं?
फोनवरलं. विजय म्हणून. आई म्हणतंय मला.
रोज गुडघ्याचं विचारतंय.
काल म्हणलं, फ्रीज आला तरी
एकदम गार पाणी पिऊ नका, आई.

पत्त्यातलं एक जादाचं अक्षर मी दाखवलं.
उलटं पळणारं घड्याळ दाखवलं,
शून्यावर येतं आणि पुन्हा
दहा मिनिटांवर उडी मारतं.
पण ‘आई’मध्ये चूक कुठून काढू?

तेवढ्यात फोन वाजला. ‘विजय फ्रीज’.
तिनं स्पीकर लावला.
आई, टाकले का पैसे? चार वाजत आले.
टाकते की राजा, मावशी म्हणाली,
नाहीतर असं कर,
फुकट फ्रीज देऊलालास ना, त्यातूनच कापून घे.
एकवीसशे पन्नासाचा एक कप्पा कमी दे.

तिकडं पंख्याचा आवाज.
कुणीतरी दुसरंही कुणालातरी आई म्हणत होतं.
मग तो म्हणाला, ओ मॅडम,
टाइमपास करू नका, नाव कॅन्सल होईल.

मावशीनं लाल बटण दाबलं.
मॅडम म्हणलं,
ती म्हणाली. एवढंच.
नंबर बंद कसा करायचा ते मुनीरनं दाखवलं,
स्वतःचाही करून घेतला.
वीस जणांला पुन्हा मेसेज गेला, तिच्या आवाजात:
फ्रीज नाही लागला. कुणालाच नाही.
पैसे टाकू नका गं.

प्रिंट ट्रेमध्ये येऊन पडली होती.
फाडायला गेलो तर तिनं हात धरला.
जाडय कागद, म्हणाली.
दहाची नोट काउंटरवर ठेवली,
सर्टिफिकेट पालथं घातलं, कंबरेचा खडू काढला
आणि दोनशे चाळीस लिटरच्या पाठीवर
कुण्या पोरीच्या फ्रॉकची
कॉलर आखायला लागली.