रुमालाची पावती

व्हिला व्हेर्दमध्ये औषधाचं दुकान एकच, माझं.
त्यामुळे गावाचा रक्तदाब आणि गावाची लफडी
दोन्ही माझ्याच वहीत.

देओलिंदा, वय अडुसष्ट, मोज्यांच्या कारखान्यातून निवृत्त.
भाचीने तिला डेटिंग ॲपवर चढवलं
आणि स्वतः पोर्तोला निघून गेली.
तिथे बेल्मिरो भेटला, ट्रॅक्टर दुरुस्तीवाला.
फोटोत तो कमी, भोपळा जास्त.
"एवढा वाढवलाय, म्हणजे माणूस वेळेवर पाणी घालतो,"
म्हणत तिने बोट उजवीकडे सरकवलं.

रात्री तीनला त्याच्याकडून लाल बदाम आला.
(गजर लावताना अंगठा घसरला, हे मला नंतर कळलं.)
तिच्या आईच्या काळी बदाम असा फुकट येत नसे,
आला तर उत्तर सुईने द्यायचं.

अकरा संध्याकाळी लागल्या.
पांढरा रुमाल, चार कोपऱ्यांत चार पाखरं,
एकाची चोच राहिली. मधोमध:
माझं रुदय तुझ्या खिशात
रविवारी बाहेर काढ
नको असेल तर परत धाड
धागा स्वस्त नाही
हृदय असं लिहितात, मी म्हटलं.
"आईचंही चुकलं होतं. बाबा आले की."

गुरुवारी बेल्मिरो दुकानात. नाक लाल.
खिशातून तोच रुमाल काढला
आणि, देवा,
शिंकला.
तीन पाखरं आणि अर्धं रुदय कामी आलं.

"पोस्टाने फुकट आला. जाहिरात असेल,
काहीतरी लिहिलंय, चष्मा नव्हता."
मी काउंटरवर ओणवी होऊन समजावलं:
रविवारी कोटाच्या वरच्या खिशातून दिसला तर हो,
नाही दिसला तर नाही,
नाक यात कुठेच येत नाही.
तो गोळ्या न घेताच पळाला.

रविवारी मिस्साला उशिरा पोचला.
कोट इस्त्रीचा, मान ताठ,
रुमाल गुलाबी.
शर्टही गुलाबी. मोजेसुद्धा, असं ऐकते.

देओलिंदा तीन बाकं पुढे. वळली. बघितलं.
पर्स उघडली. आता डोळे पुसणार, मला वाटलं.
फोन काढला.
फादर शांती वाटत होते, तेवढ्यात
बेल्मिरोच्या छातीत कोंबडा आरवला.

चष्मा आजही नव्हता, मीच वाचलं:
"लाल धागा उकळत्या पाण्यात घालतात का, गाढवा?
मंगळवारी ये. धुवायला शिकवते."
आणि खाली, एकटाच, एक भोपळा.

"भोपळा म्हणजे नापास का हो?"
तो कुजबुजला, घाम फुटलेला.

मी औषधवाली. मात्रा तेवढी सांगितली:
मंगळवारी जा,
आणि असेल त्यातला मोठा घेऊन जा.