एक्क्याण्णव

फळ्याशेजारच्या भिंतीवर निळ्या ऑइलपेंटनं
मीच लिहिली होती ती यादी,
नोकरीच्या पहिल्या हिवाळ्यात:
दोन, तीन, पाच, सात,
मग अकरा, तेरा, अशा उतरत उतरत
खिडकीच्या चौकटीपाशी सत्त्याण्णव.
मूळ संख्या. शंभराच्या आतल्या. सगळ्या.
रंग वाळेपर्यंत मी तिथंच उभी होते, हात पाठीमागं धरून.

इथं नारिनच्या वर, जिथं एप्रिलमध्येही
खिडकीला आतून बर्फ धरतं,
गणित शिकवायला माझ्याकडं एक पिशवी आहे:
मेंढ्यांच्या घोट्याची हाडं,
पोरं पैज लावून खेळतात ती चूको.
चोवीस घ्या, मी सांगते, सारख्या रांगा लावा.
दोन होतात, तीन होतात, चार होतात.
आता एक काढून घ्या.
तेवीस. मांडा.
आणि मग तो आवाज, जो मला अजून आवडतो,
हाडं सरकवण्याचा, मोडून पुन्हा सरकवण्याचा,
शेवटी कुणीतरी वैतागून म्हणतं, एजे, काहीतरी उरतंच.
उरू दे. जी कशीही मांडली तरी
एकाच लांब रांगेत उभी राहते, तिला मूळ म्हण.
बाकीच्या संयुक्त.
आणि एक? एकाची रांग कसली. त्याला चुलीपाशी बसव,
तो ना यांच्यातला ना त्यांच्यातला.

यंदा चौथीत शुमकार आहे.
मार्चभर वर्गात झोपतो, कारण कोकरं रात्री जन्मतात.
पाढे दहापर्यंतच येतात, तेही अडखळत.
मी पिशवी उपडी केली, म्हटलं, मोज.
एक्क्याण्णव.
(मेंढीमागं दोन, तरी विषम.
एक कुणाच्या तरी खिशात गेलंय.)
मूळ आहे, पुढच्या बाकावरून आयझिरेक म्हणाली, भिंतीवर बघ की.
त्यानं भिंतीकडं पाहिलं नाही.
आजोबा कुंपणात मेंढ्या घेतात तसा
तो सात सात हाडं बाजूला करत होता:
सात, आणि एक खडा. सात, आणि एक खडा.
तेरा खडे झाले.
हाड एकही उरलं नाही.

मी पुन्हा मोजलं. गुडघ्यांवर बसून, चष्मा लावून.
सातानं खोडत खोडत मी सत्त्याहत्तरपाशी थांबले होते तेव्हा.
बावीस वर्षांची होते, रंग संपत आला होता.

एकतीस वर्षं. तीन इन्स्पेक्टर.
यादीत पंचवीसऐवजी सव्वीस, आणि कुणी मोजली नाही.
आणि माझी ती सगळी पोरं,
बिश्केकच्या बाजारात गल्ल्यामागं बसलेली,
येकातेरिनबुर्गला विटा वाहणारी,
डोक्यात एक्क्याण्णव घेऊन फिरतायत,
मी दिलेला,
न फुटणारा.

रात्री जिपाराला फोन केला. पहिल्या तुकडीतली, आता ट्रॉलीबस चालवते.
सांगितलं. ती हसतच सुटली.
मग म्हणाली, एजे, आमचा फ्लॅट नंबर एक्क्याण्णव.
आठ वर्षं नवऱ्याला ऐकवतेय,
या घराचे वाटे होत नाहीत म्हणून.
जरा वेळ तारेत नुसता वारा होता.
त्याला नका हं कळवू, ती म्हणाली.

सकाळी शुमकारच्या हातात पत्र्याचा तुकडा दिला. खरवड.
निळ्याखाली पांढरा निघाला, पांढऱ्याखाली कुणा आधीच्या बाईंचा हिरवा,
मग माती.
हात न थांबवता त्यानं विचारलं,
सत्त्याण्णवपण करून बघू?
बघ ना, मी म्हटलं, आणि पिशवी पुढं सरकवली.
सहा कमी पडतात, तो म्हणाला.
उद्या घरून आणतो.