इतर निरीक्षणे

मनामात, चौथ्या मजल्यावर, आमच्या निद्रा प्रयोगशाळेत
रात्री दहाला माणसं झोपायला येतात.
काही जण उशी घरून आणतात.
मी त्यांच्या डोक्याला, कानामागे, हनुवटीला
बावीस तारा चिकटवते
आणि म्हणते, "आता नेहमीसारखे झोपा."
आठ वर्षांत या वाक्याला सगळे हसलेत.

सुभान मुकादम हसला नाही.
गाव हर्णै, नोकरी हिद्दच्या पाणी कारखान्यात,
वय एकावन्न. तक्रार: झोपेत श्वास अडकतो,
बायको गावाहून फोनवर ऐकते आणि घाबरते.
"डोक्यातलं सगळं दिसतं का ह्यात?"
म्हटलं, "वीज दिसते फक्त."
"मग बरं," म्हणाला, आणि कुशीवर वळला.

तीन वाजून बारा मिनिटं.
पडद्यावरच्या रेघा बारीक झाल्या, घाईच्या,
पापण्यांखाली डोळे पळू लागले,
हनुवटीची रेघ सपाट.
म्हणजे स्वप्न. म्हणजे, असावं.
दाराबाहेरच्या चपला मोजून
आत कोण आलंय ते ओळखावं, तसं आमचं शास्त्र.
चपला मात्र अगदी बरोबर मोजतो.

सकाळी केसांतला डिंक पुसताना
न विचारता सांगू लागला:
बुडी मारतोय, हातात बकऱ्याच्या कातड्याची पिशवी,
तळाच्या वाळूतून पाणी उसळतंय,
पिशवीचं तोंड तिथं दाबून धरलं,
श्वास संपत आला तरी एक घोट घेतलाच.
"गोड होतं, ताई. समुद्राच्या बुडाला.
वीस वर्षं खाऱ्याचं गोड करतोय मी,
असं गोड कधी झालं नाही."

जासिम फरशी पुसत होता. पुसायचा थांबला.
त्याचा आजा असंच पाणी आणायचा म्हणे,
कातडी पिशवी, बुडी, तळाचा झरा.
झरा आता आटला. आजा त्याच्याही आधी.

मी तशीच डॉक्टर हुदांकडे गेले.
त्यांनी सगळं ऐकून घेतलं, हे लिहायलाच हवं.
मग म्हणाल्या, "वीस वर्षं बहरीनमध्ये आहे तो.
कँटीनमध्ये कुणी सांगितलं असेल, विसरला असेल.
श्वास थांबला म्हणून बुडी,
तोंड कोरडं पडलं म्हणून पाणी.
आणि समजा, असं नसेल, तर तपासणार कसं?
ज्याला चूक ठरवता येत नाही
त्याला मी बरोबर कुठल्या तोंडानं म्हणू?"

मला उत्तर आलं नाही. अजून येत नाही.
फक्त एवढंच की तो सांगत होता तेव्हा
त्याच्या गळ्याची गाठ खाली-वर झाली,
आणि तोवर मी तारा काढल्या होत्या.

पुढच्या आठवड्यात मास्क न्यायला आला.
सहज विचारलं, कारखान्यात नेमकं काय करतोस.
"मीठ काढलं की झालं, असं नसतं," म्हणाला.
"तसलं निव्वळ पाणी कुणाच्या कामाचं नाही.
चव नाही, वर नळाचं लोखंड खात सुटतं.
मग चुनखडीवरून फिरवतो, जमिनीचं थोडं परत घालतो,
तेव्हा कुठं शहराला सोडायचं."
"आणि काढलेलं मीठ?"
"ते जातं समुद्रात. आणखी कुठं जाणार?"

त्या रात्री अहवाल पुरा केला.
ताशी एकतीस वेळा श्वास बंद,
सर्वांत लांब खंड चव्वेचाळीस सेकंद,
प्राणवायू, नाडी, कुशी बदलल्याच्या वेळा.
शेवटचा रकाना: इतर निरीक्षणे.
तिथं मी कायम "नाहीत" लिहिते.
या वेळी लिहिलं,
"रुग्णाच्या म्हणण्यानुसार पाणी गोड होतं."

डॉक्टर हुदांनी ओळ खोडली नाही.
खाली स्वतःच्या अक्षरात जोडलं, "पडताळलेलं नाही,"
आणि सही केली.

परवा बाब-अल-बहरीनजवळ भेटला, खजूर घेत होता.
मास्कमुळे झोप छान लागते, बायकोही निवांत.
म्हटलं, आणि ती बुडी?
चेहरा कोरा.
"कसली बुडी, ताई?"