पुडीचे कागद

सुट्या गोळ्या बांधायला कागद लागतो.
तो मी कधी विकत आणला नाही.
कंपनी नाव बदलत राहिली,
जुनी लेटरहेडं माझ्या कात्रीखाली येत राहिली.

सगळ्यात पिवळं पान :
संत्रा कामगार औषध भिशी, शेंदुरजना घाट.
सायक्लोस्टाईल. कोपऱ्यात हातानं काढलेलं संत्रं,
जे पाहणाऱ्याला टमाटर वाटायचं.
अठ्ठ्याऐंशी साल. पॅकिंगच्या शेडमध्ये
पालथ्या खोक्यावर बसून मोहोड कंपाउंडर
बायांकडून आठवड्याचे दोन रुपये घेत,
आणि अमरावतीच्या ठोक दुकानदाराशी असे भांडत
की तो म्हणे, "घ्या ना बाप्पा त्याच भावानं, पण खाली बसा."
जो भाव तुटे तो खडूनं फळीवर.

यादीत एकेचाळीस औषधं.
शेवंती उईकेला फिट येत, तिची गोळी त्यात नव्हती.
मोहोडांनी रात्रभर हिशेब मांडला,
सकाळी भिशी सव्वादोन रुपये झाली
आणि बेचाळिसावं नाव चढलं.
पार्बता कोहळे म्हणे, "तिच्या फिटचे पैसे मी काहून भरू?"
तीन महिने बोलली नाही त्यांच्याशी.
चार आणे मात्र दर शनिवारी देत गेली.

दुसरा कागद जाड, शिक्क्याचा : सहकारी संस्था मर्यादित.
तिसरा गुळगुळीत :
नारिंगी हेल्थ सोल्युशन्स प्रायव्हेट लिमिटेड, धंतोली, नागपूर.
त्यावर संत्रं छापील, एक फोड उघडी.
मोहोडांना शाल दिली, संस्थापक म्हटलं,
आणि सही कुठं करायची ते बोटानं दाखवलं.

चौथ्यावर संत्रं नाही, नुसता निळा ठिपका. पुणे.
पाचव्यावर ठिपक्याला शेपूट फुटलं. हैदराबाद.
सहावा कागदच नाही. सगळं मेलवर येतं.
हल्ली पुड्यांसाठी मी कॅलेंडर फाडते.

गोळी बनवणारा वेगळा, विकणारी मी, खाणारी ती.
मधात एक जण, जो गोळीला हात लावत नाही
आणि पंगतीत सगळ्यात आधी जेवतो.
यादीत जागा दिली म्हणून कारखान्याकडून सूट घेतो,
ती सूट इथवर येता येता
कॅनॉलच्या शेवटच्या चारीसारखी, नुसती ओल.
खोटं कशाला बोलू,
त्याच्याच कार्डावर माझं दुकान चाललं.
फ्रीज आला, त्यात इन्सुलिन ठेवता आलं.
वरुडला जाणाऱ्या चार म्हाताऱ्यांची एसटी वाचली.

परवा शेवंतीची नात आली. तेच दुखणं, तीच गोळी.
कार्ड घासलं. स्क्रीन म्हणाली : यादीबाह्य.
फोन लावला. वीस मिनिटं सनई वाजली,
मग एक पोरगा अदबीनं हिंदीत म्हणाला,
मॅडम, हे औषध कंपनीत सुरुवातीपासूनच नाही.

सुरुवातीपासून!
अरे, तुझी सुरुवात माझ्या खणात आहे,
थांब, नंबरासकट वाचून दाखवते.
तो म्हणाला, अपलोड करा.

खण उपसला. पिवळं पान निघालं.
एक ते एकोणतीस.
खालचा भाग नव्हता.
कडा सरळ कापलेली होती, माझ्याच कात्रीची,
कधीतरी, कुणाच्यातरी तापाच्या गोळ्यांना.

फोन तसाच चालू. पोरगा विचारतोय,
मॅडम, अजून काही मदत करू शकतो का?

पट्टी कापून दहा गोळ्या काढल्या.
पिवळ्या पानाकडे हात गेला आणि मागे आला.
कॅलेंडर संपलं होतं.
"कशात देऊ गं?"
पोरीनं कार्डाचं प्लास्टिकचं पाकीट रिकामं केलं
आणि त्याचं तोंड दोन बोटांनी उघडून धरलं.
कार्ड काउंटरवर राह्यलं.
हाक मारेपर्यंत ती नाल्याच्या पुलावर.