मडकुलं

कोर्ट महिन्यातून एकदा भरायचं, शाळेच्याच खोलीत.
फळ्यावर आदल्या दिवशीचे पाढे तसेच.
न्यायाधीश डब्लिनचा. त्याला आमची भाषा येत नव्हती,
आमच्या साइवला त्याची.
मध्ये मी. बैठकीला सात शिलिंग आणि चहा.

टेबलावर बाटली. बुचावर मेण,
अंगाला दलदलीची काळी माती.
पीटच्या तिसऱ्या ढिगापासून उत्तरेला, हातभर खोल:
गार्ड टिअर्नीने कागदावरून वाचून दाखवलं,
दोनदा.

"तिला विचारा, यात काय आहे."
विचारलं.
"पॉचीन," साइव म्हणाली. लपवाछपवी नाही.
"म्हणजे नेमकं काय? नोंदीत अर्थ लागतो."

आला का आता प्रश्न!
पोटा म्हणजे भांडं, आणि त्याच्या शेपटाला ती 'ईन'
जी आम्ही लहानग्या कशालाही लावतो,
मांजराच्या पिल्लाला, घोटभर चहाला,
ज्याच्यावर जीव आहे त्याच्या नावाला.
"मडकुलं, साहेब," मी म्हणालो.
मागच्या बाकावर कुणीतरी फिसकन हसलं.
"मडकं, की मडक्यातलं?"
"दोन्ही, साहेब. आम्ही फरक करत नाही."

तेवढं लिहून घेतलं त्याने.
सांगायचं बरंच राहिलं.
की हा शब्द आम्ही सहसा तोंडातून काढतच नाही.
'घरात काही आहे का?' एवढंच विचारतो. काही म्हणजे हेच.
पाद्री समोर असला तर 'तीर्थ' म्हणतो,
आणि पाद्रीही मान डोलावतो,
त्याच्या गुडघ्यांना तेच चोळतात.
की खोकणाऱ्या वासराला ते पाजतात,
बाटली दाढेत धरून.
आणि पहिल्या धारेची आमच्याकडे कुणी पीत नाही,
ती उंबऱ्याबाहेर ओतायची, त्या भल्या लोकांसाठी
ज्यांचं नाव रात्री घेत नाहीत.
(माणूस प्याला तर आंधळा होतो म्हणे.
भल्या लोकांना चालते.)

"विकायला ठेवली होती?"
"नाही."
"मग कुणाची?"
"मिकिलीनची."

टिअर्नीने नवं पान उघडलं. पेन्सिल ओली केली.
तो कॉर्कहून नुकता बदलून आलेला, त्याला काय माहीत.
बाकांवर कुणी हललं नाही.
मिकिल. सव्वासहा फूट.
आईच्या त्या 'ईन'मध्ये कसा मावायचा कोण जाणे.
नऊ वर्षांपूर्वी पीट भरून बेटांकडे होडी काढली त्याने.
वल्हं आलं. शिडाचा तुकडा आला.
देह नाही, म्हणून मयताचं जागरण नाही,
जागरण नाही म्हणून बूच निघालं नाही.

"कोण हा?"
"तिचा मुलगा, साहेब."
"कुठे असतो?"
विचारलं. साइव खिडकीकडे बघत होती.
एकच शब्द बोलली.
"समुद्रावर," मी म्हणालो.
शब्दाला शब्द. शपथ मोडली नाही मी.

"परत आला की हजर करा. तोवर मुद्देमाल जमा."
बाटली शाळेच्या कपाटात गेली, नकाशांच्या गुंडाळ्यांमागे.

मग दर महिन्याला:
आला का?
अजून नाही.
चौथ्या महिन्यात टिअर्नीला कुणीतरी सांगितलं असावं.
त्याने विचारणं सोडलं नाही,
फक्त टोपी काढून विचारू लागला.
आणि नोव्हेंबरात, कोर्ट उठल्यावर,
कपाटाची किल्ली टेबलावर विसरला.
'विसरला' हा शब्द मी तसाच ठेवतो.

मी किल्ली साइवच्या हातात दिली.
तिने ती वळवून बघितली, परत दिली.
म्हणाली, राहू दे तिथंच.
कोर्टाने बोलावलंय ना त्याला.
येईल तेव्हा
आधी इथेच येईल.