शुक्रवारची सहल

अबू धाबीहून सव्वासहाला गाडी निघते.
बावीस सीट. मागच्या दोन नेहमी रिकाम्या;
तिथे पाण्याचे खोके, आणि कुणाला मळमळलं तर
आडवं व्हायला जागा.
मी रुबिना मुकादम. माइक हातात.
अल ऐनपर्यंत तेच बोलते
जे गेल्या शुक्रवारी बोलले:
डावीकडे उंटांच्या शर्यतीचं मैदान,
उजवीकडे, पुढचा अर्धा तास, काही नाही.
'काही नाही'वर हशा येतो. येतोच.

त्या दिवशी यादीत अकरावं नाव, शिवाप्पा धोत्रे.
तिकीट त्याने काढलेलं नव्हतं,
कॅम्पातल्या सोडतीत लागलं होतं.
दुसरं बक्षीस. पहिलं मिक्सर.
चौदा वर्षांत त्याने समुद्र तेवढा पाहिला,
तोही विसाव्या मजल्याच्या परांचीवरून.

जबल हफीतच्या पायथ्याशी थडगी,
मोहोळासारखी, दगडावर दगड.
"पाच हजार वर्षं," मी म्हणते आणि थांबते.
इथे थांबायचं असतं.
लोक टोप्या सरळ करून फोटो काढतात.
कुणीतरी विचारतं, आत कोण होतं?
मडकी सापडली, सांगते, परमुलखातून आलेली,
मणी सापडले, हाडं थोडीफार.
नाव एकही नाही.

धोत्रेने विचारलं नाही.
तो उकिडवा बसला होता, एक डोळा मिटून,
हातात ओळंबा असल्यासारखा.
"बाई, खालचे हे थर जुने.
वरचं कुनीतरी आत्ता रचलंय."
माझ्या फायलीत आहे ते, पान सात.
मी कधी बोलत नाही. हवा जाते त्याने.
"चुना नाय, माती नाय. ही चीप बगा,
बारकी, दोन धोंड्यांच्या मधी.
ही ठोकनारा डावखुरा आसनार."
कशावरून?
"माजा बा डावखुरा हुता."

मग म्हणाला, फोटो काढा.
मी त्याला उभं राहायला सांगितलं.
"माजा न्हवं," तो म्हणाला. "चिपेचा."

दुपारी मुबझ्झरा.
उघड्या डोंगराखाली अंथरलेली हिरवळ,
तिच्यातून कढत पाण्याचे पाट.
बायकांची न्हाणी वेगळी, पुरुषांची वेगळी.
गंधकाचा वास नाही, म्हणून मी, उन्हवऱ्याची पोर,
या झऱ्याला मनातून झरा म्हणत नाही.
आमच्या कुंडात फडक्यात बांधून सोडले
तर तांदूळ शिजतात म्हणे.
आमचे दोनदा कच्चेच राहिले,
अम्मीने तिसऱ्यांदा तांदूळ दिले नाहीत.

धोत्रेने पँट गुडघ्यापर्यंत दुमडली.
सिमेंटने खाल्लेली पावलं,
टाचांना रुपया रुतेल अशा भेगा.
पाटात सोडली तसा "आयव!" म्हणाला
आणि बराच वेळ काहीच नाही.
शेजारी नर्सिंगच्या दोन पोरी अंडी सोलत होत्या,
त्यांनी त्याला एक दिलं, मीठ लावून.
"हे आपसूक येतं का पंपानं?"
बोअरचं आहे, मी म्हटलं.
प्रवाशाला पहिल्यांदाच खरं सांगितलं.
तो हसला. अंडं तोंडात तसंच.
"मंग भोक पाडाया कुनीतरी आलाच आसंल की."

मंगळवारी तो कायमचा परत जाणार होता.
फोटो मुलीला पाठवा म्हणाला, अक्कलकोटला,
आणि पाण्याच्या बाटलीचं लेबल सोलून
मागे नंबर लिहून दिला.
घरी येऊन मोजले. नऊच आकडे.

पुढचे दोन शुक्रवार मी
पाच हजार वर्षांनंतर जरा जास्तच थांबले;
ड्रायव्हर आरशातून बघायला लागला.
मग एका रात्री शेवटी शून्य लावून पाहिलं.
बंद.
एक लावून पाहिला. कुणी उचललाच नाही.
दोन लावल्यावर एका बाईचा आवाज आला.
धोत्रे? नाही हो, इथं कुणी धोत्रे नाही.
मी म्हटलं, माफ करा,
एका दगडाचा फोटो पाठवायचा होता.
राँग नंबर, ती म्हणाली.
फोन मात्र ठेवला नाही.
मग म्हणाली, कसला दगड?